प्रकाशाचा पक्षी, साप, भिंत : लाईट बुक करण्याआधी एकदा वाचा

नमस्कार मंडळी. बालनाट्य, एकांकिका, शाळेचं गॅदरिंग यासाठी आमच्याकडून लाईट भाड्याने नेणाऱ्यांसाठी हे पत्रक आहे. त्यातही ज्यांच्या नाटकात जादूचं राज्य वगैरे आहे त्यांच्यासाठी खास, कारण संहितेत कंसात एकच ओळ असते 'प्रकाशाचा पक्षी होतो आणि उडून जातो' आणि मग आम्हाला फोन येतो की परवा प्रयोग आहे, होईल ना? होतं हो, पण त्याआधी थोडं बोलूया.

स्वच्छ हवेतून जाणारा प्रकाश बाजूने दिसतच नाही, तो कशावर तरी पडावा लागतो, धुरावर, कापडावर, पाण्यावर, नाहीतर नटाच्या अंगावर. त्यामुळे तो कशावर पडणार हे आधी ठरवा आणि कुठला लाईट ते मागून. बहुतेक लोक उलटं करतात, मोबाईलवर कुठल्यातरी कॉन्सर्टचा व्हिडिओ दाखवून 'अस्सं पाहिजे' म्हणतात, त्यात जे दिसतंय त्यातलं अर्धं काम धुराचं असतं हे सांगितलं की मग धुराचं मशीन यादीत येतं.

पक्षी, झाड, चंद्रकोर असे ठरावीक आकार हवे असतील तर प्रोफाइल स्पॉट, म्हणजे लेन्सने कडक कडेचा उजेड टाकणारा लाईट, आणि गोबो. गोबो म्हणजे कापलेली पत्र्याची चकती, रांगोळीच्या छाप्यासारखी, भोक असेल तिथून प्रकाश जातो. म्हणूनच पक्ष्याला काळा डोळा हवा असेल तर तो पत्र्याचा ठिपका मधेच तरंगत राहू शकत नाही ना, बारीक पट्टी ठेवून बाहेरच्या पत्र्याला जोडावा लागतो, चित्र काढतानाच त्या पट्टीची जागा धरा. लेन्स चित्र उलटं करते त्यामुळे चकती डोकं खाली करून बसवायची. आणि कृपा करून पुठ्ठा कापून आणू नका, हॅलोजनच्या प्रोफाइलमध्ये तो जळतो. अंतराचंही गणित आहे, 4 मीटरवर 1 मीटरचा दिसणारा पक्षी 8 मीटरवर 2 मीटरचा होतो पण उजेड चौथाईच उरतो, मोठ्या हॉलसाठी लाईट वाढवायला सांगतो ते यासाठी.

आता डोळ्यांदेखत आकार बदलणं, जे सगळ्यांनाच हवं असतं. काही मूव्हिंग हेडमध्ये, म्हणजे मोटरवर स्वतः वळणाऱ्या लाईटमध्ये, गोबोची दोन चक्रं एकामागे एक असतात (सगळ्यांत नसतात, बुक करताना विचारा). एकावर साप, दुसऱ्यावर वेल, दोन्ही एकदम प्रकाशाच्या वाटेत आणायचे, फोकस सापावर ठेवायचा आणि हळूहळू वेलीवर सरकवायचा, साप पुसट होत जातो आणि त्यातूनच वेल उगवते. हे सावकाश केलं तरच मजा, झटक्यात केलं तर मागच्या रांगेला वाटतं लाईट बिघडला.

बजेट कमी असेल तर पाणी. पसरट ट्रेमध्ये आरशाचे तुकडे, वर बोटभर पाणी, तिरका स्पॉट मारायचा आणि पाणी हलवायचं, मागच्या पडद्यावर प्रकाश वळवळायला लागतो. वायर मात्र ट्रेपासून लांब. 1959 साली कोलकात्याच्या मिनर्व्हा थिएटरमध्ये नाटककार-दिग्दर्शक उत्पल दत्त यांच्या 'अंगार' नाटकात प्रकाशयोजनाकार तापस सेन यांनी खाणीत पाणी भरतानाचा प्रसंग लाईटवर उभा केला होता, तेव्हा कुठली आली लाईट चालवायची कॉम्प्युटरची बोर्डं! कापडाचं तर त्याहून जुनं, लोई फुलर ही नर्तकी 1892 मध्ये पॅरिसच्या फोली बेर्जेर या नाट्यगृहात रेशमाचा भलामोठा घोळ काठ्यांनी फिरवायची, त्यावर रंगीत प्रकाश पडायचा आणि लोकांना ज्वाला दिसायच्या, फुलं दिसायची. आणि सावल्यांसाठी लांब जायलाच नको, कुडाळजवळ पिंगुळीला ठाकर समाजाच्या चामड्याच्या बाहुल्या एकदा बघून या. बाहुली दिव्याजवळ नेली की सावली वाढते, राक्षस मोठा करायला एवढं पुरतं.

एक आगाऊ सल्ला, लेखक-दिग्दर्शकांसाठी. तुमच्या राज्यातल्या प्रकाशाचा नियम ठरवा. तो स्वतःहून बदलतो की कोणी बदलवतं? किती वेळ तसा राहतो? समजा नियम असा की पाण्याला शिवला तरच प्रकाश रूप घेतो, मग तो ट्रे लपवायची गरजच नाही, रंगमंचावर राजाचं कुंड म्हणून ठेवा, पोरगी पाण्यात हात घालते आणि भिंतीवर साप हलतो, प्रेक्षक लगेच मानतात. नियम नसला की तिसऱ्या प्रवेशापर्यंत नुसते रंगीबेरंगी लाईट.

थोडं काळजीचं. धूर वापरायचा तर हॉलच्या मॅनेजरला आधी विचारा, फायर अलार्म वाजू शकतो, आणि पंखे बंद ठेवा नाहीतर धूर विंगेत. ड्राय आईसचा धूर जमिनीलगत राहतो, दिसतो छान, पण ड्राय आईस म्हणजे गोठवलेला कार्बन डायऑक्साईड, त्याचा वायू खाली साचून श्वास कोंडू शकतो, त्यामुळे जमिनीवर झोपलेली मुलं असतील त्या प्रवेशाला आम्ही देत नाही. लेझर मुलांच्या नाटकाला देत नाही, वाद घालू नका. स्ट्रोब (भराभर उघडझाप करणारा लाईट) असेल तर दारावर सूचना लावा, फिट येणाऱ्यांना त्रास होऊ शकतो. शाळेच्या हॉलमध्ये 1000 वॅटचे तीन हॅलोजन म्हणजे साधारण 13 अँपिअर, 16 अँपिअरच्या एका प्लगवर चौथा लावू नका.

बुकिंगला येताना संहिता, हॉलचं नाव आणि तालमीचा मोबाईल व्हिडिओ आणा. प्रयोगाच्या दिवशी पडदा उघडायच्या आधी लाईट लावायला किमान तीन तास लागतात, हॉलचा स्लॉट त्या हिशोबाने घ्या, नाश्त्याचं आमचं आम्ही बघू.