मिल्खा सिंग यांचा ‘विश्वविक्रम’ : खुलासा

शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर धावण्याचा विषय निघाला की कुणीतरी हमखास ठोकून देतं : १९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये मिल्खा सिंग यांनी विश्वविक्रम मोडला, तरी चौथे आले. यातलं चौथं येणं तेवढं खरं. ४०० मीटरचा विश्वविक्रम तेव्हा लू जोन्सच्या नावावर होता, ४५.२ सेकंद. मिल्खांची वेळ ४५.६. त्यांनी मागे टाकला तो ४५.९ चा जुना ऑलिंपिक विक्रम. विश्वविक्रम मोडला ओटिस डेव्हिस आणि कार्ल कॉफमननं, दोघंही ४४.९.

खरा घोळ पुढे आहे. १९९८ मध्ये परमजीत सिंग यांनी कोलकात्यात ४५.७० नोंदवले आणि मिल्खांचा राष्ट्रीय विक्रम मोडला. ‘४५.७० ही वेळ ४५.६ पेक्षा जास्त, मग विक्रम मोडला कसा?’ हा सवाल अजूनही सुटत नाही.

उत्तर स्टॉपवॉचमध्ये आहे : मिल्खांचे ४५.६ हातानं दाबलेल्या घड्याळाचे, परमजीत यांचे ४५.७० विजेवरच्या घड्याळाचे. शाळांच्या स्पर्धेत शेवटच्या रेषेशी उभे असलेले वेळाधिकारी बघा. बंदुकीचा धूर दिसल्यावर अंगठा दाबला जातो, म्हणजे घड्याळ किंचित उशिरा सुरू होतं. धावपटू मात्र समोरून येताना दिसतो, त्यामुळे थांबवताना तेवढा उशीर होत नाही. वेळ आपोआप कमी भरते. म्हणून तुलना करताना ४०० मीटरच्या हातानं मोजलेल्या वेळेत ०.१४ सेकंद मिळवतात. रोममध्ये विजेवरचं घड्याळही चालू होतं. त्यात मिल्खांची वेळ ४५.७३ आहे.

परमजीत ०.०३ नं पुढे. वाद घालायचाच तर एवढ्यावर घाला.