रिळाला व्हिनेगरचा वास येतोय का?

आपल्या बडोद्यात दांडिया बाजार, रावपुऱ्याकडच्या जुन्या मराठी घरांत माळ्यावर अजूनही सुपर ८ ची, म्हणजे घरगुती कॅमेऱ्याच्या ८ मिमी फिल्मची, रिळं निघतात, कुणाची मुंज, कुणाचं लग्न, कुठे सुरसागरला गणपती विसर्जन. घरच्यांना वाटतं ह्याचं कोणाला काय, पण डॉक्युमेंटरीवाले नेमकं हेच शोधत असतात, कारण सेट उभा करता येतो पण त्या वेळची माणसं कशी चालायची, दुकानांच्या पाट्या कशा होत्या हे नंतर बनवता येत नाही. दादासाहेब फाळके इथल्याच कलाभवनात शिकले, आणि त्यांच्यावरच्या फिल्म्समध्ये ते काम करताना दिसतात ते फुटेज १९१७ च्या एका छोट्या फिल्मचं आहे, तीही अर्धवटच उरलीय.

फिल्म मरते कशी ते बघा. घरगुती रिळांची पट्टी बहुतेक सेल्युलोज अ‍ॅसिटेटची असते. उष्णता आणि दमट हवा मिळाली की त्यातून अ‍ॅसेटिक अ‍ॅसिड सुटायला लागतं, म्हणजे व्हिनेगरमधलंच अ‍ॅसिड, म्हणून तो आंबूस वास. आणि खरी वाईट गोष्ट पुढे आहे, हे सुटलेलं अ‍ॅसिडच पट्टीला आणखी वेगाने खातं, घट्ट बंद डब्यात ते साठत जातं, पट्टी आकसते, वाकडी होते, वरचा जिलेटिनचा थर तडकतो. १८ डिग्री आणि ५० टक्के आर्द्रतेत ताज्या फिल्मला हा वास सुरू व्हायलाच साधारण ५० वर्षं लागतात, आपल्याकडे मे महिन्यात माळ्यावर काय तापतं आणि लगेच मागून पावसाळा, त्यामुळे एवढा वेळ आपल्याकडे नाहीच.

दुसरी भानगड स्पीडची. सुपर ८ साधारण सेकंदाला १८ फ्रेम्सने शूट व्हायचं, सिनेमा चालतो २४ ने. तसंच जोडून टाकलं तर सगळे एक तृतीयांश जास्त वेगाने पळतात, आणि आजोबा विनोदी दिसायला लागतात! हल्ली कॉम्प्युटर मधल्या फ्रेम्स स्वतः बनवून चाल नीट करतो, दिसायला छान, पण त्या फ्रेम्स कॅमेऱ्याने कधी पाहिलेल्याच नसतात. माझं स्पष्ट मत, फिल्ममध्ये हे केलं असेल तर प्रेक्षकाला सांगावं, आणि मूळ स्कॅन जसाच्या तसा वेगळा ठेवावा.

तर रिळं असतील तर आधी वास घ्या. आंबूस वाटलं तर ते रीळ बाकीच्यांपासून लांब, कोरड्या गार जागी ठेवा, आणि जुन्या प्रोजेक्टरवर मुळीच चढवू नका, आकसलेल्या पट्टीची भोकं दात्यांत फाटतात. डायरेक्ट स्कॅनिंगला द्या, स्कॅन झालं तरी रीळ फेकू नका, उद्या याहून चांगला स्कॅनर येईल. आणि घरातली मोठी माणसं आहेत तोवर त्यांच्याजवळ बसून डब्यावर लिहून घ्या, कोण, कुठलं, कुठल्या साली.