सवानी: सहा दिवसांत पाच मॅच मारणारं डोंगरावरचं कॉलेज

अमेरिकन फुटबॉल, म्हणजे तो अंडाकृती बॉल हातात धरून पळायचा खेळ, त्यात आज टेक्सास, एलएसयू (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी) वगैरे मोठमोठ्या युनिव्हर्सिट्यांचा दबदबा आहे. पण या दोघांना एकाच आठवड्यात, त्यांच्या घरी जाऊन, एकही पॉइंट न देता हरवणारं एक छोटं कॉलेज होतं आणि ते आजही फुटबॉल खेळतंय.

नाव युनिव्हर्सिटी ऑफ द साउथ, पण सगळे गावाच्या नावानेच ओळखतात, सवानी. टेनेसी राज्यात कंबरलँडच्या पठारावर एपिस्कोपल चर्चने काढलेलं कॉलेज, 1891 ला फुटबॉल सुरू झाला. 1899 ला शेजारच्या व्हँडरबिल्टशी तिकिटाच्या पैशांवरून फाटलं आणि दरवर्षीची हमखास कमाईची मॅच गेली. टीमचा मॅनेजर ल्यूक ली, स्वतः विद्यार्थीच, त्याने ती भरपाई करायला सरळ ट्रेनचा दौराच आखला, जवळपास अडीच हजार मैलांचा!

9 नोव्हेंबरला ऑस्टिनमध्ये टेक्सासला 12-0, दुसऱ्या दिवशी ह्यूस्टनमध्ये टेक्सास ए अँड एमला 10-0, तिसऱ्या दिवशी न्यू ऑर्लिन्सला टुलेनला 23-0. 12 तारखेला रविवार, चर्चचं कॉलेज म्हटल्यावर सुट्टी. मग 13 ला बॅटन रूजमध्ये एलएसयू 34-0 आणि 14 ला मेंफिसमध्ये ओल मिस, म्हणजे मिसिसिपी युनिव्हर्सिटी, 12-0. बेरीज केली तर 91-0. आणि तेव्हाचा खेळ कसा होता तेही बघा, फॉरवर्ड पास, म्हणजे बॉल पुढे फेकणं, अजून कायदेशीर नव्हता (तो 1906 ला आला), म्हणजे सगळी अंगावर अंग घालून ढकलाढकली, त्यात एकदा मैदान सोडलं की त्या मॅचमध्ये परत यायचं नाही, त्यामुळे ठेचकाळलेली पोरंही टिकून राहायची आणि रात्री गाडीत बसून पुढच्या गावाला. पाणी बाधू नये म्हणून सवानीच्या झऱ्याचं पाणी पिंपांत भरून सोबत नेलं होतं. मला या सगळ्यात कौतुक वाटतं ते या तयारीचं, नुसत्या रगीवर पाच मॅच निघत नाहीत.

त्या पूर्ण सीझनमध्ये 12 मॅच जिंकल्या, एकही हरली नाही, एकूण पॉइंट 322 विरुद्ध 10. ते 10 पॉइंट एकट्या ऑबर्नने केले, ज्याच्या नावाने आज कॉलेज फुटबॉलच्या सर्वोत्तम खेळाडूला हाइजमन ट्रॉफी देतात तो जॉन हाइजमन त्यांचा कोच होता, आणि तरी सवानीने ती मॅच 11-10 ने काढली. ल्यूक ली पुढे अमेरिकेचा सिनेटर झाला आणि 1919 च्या जानेवारीत हॉलंडमध्ये जर्मनीच्या माजी सम्राटाला, कैसरला, पळवून आणायला गेला, पण ती वेगळीच गोष्ट.

या पुण्याईवर सवानी 1932 ला एसईसी या बड्या लीगच्या 13 संस्थापकांत बसलं. पण तोवर खेळ बदलला होता, मोठ्या युनिव्हर्सिट्यांकडे पैसा, स्टेडियम, खेळाडूंना स्कॉलरशिप. आठ सीझन, लीगच्या 37 मॅच, विजय शून्य. लोक यावर हसतात ते मला पटत नाही. कॉलेजचे प्रमुख अलेक्झांडर गेरी यांचं ठाम मत होतं की पोरांना खेळण्यासाठी पैसे द्यायचे नाहीत, आणि 1940 च्या डिसेंबरात सवानी लीगमधून बाहेर पडलं. प्रोग्रॅम बंद नाही केला हे महत्त्वाचं, आपल्या आकाराच्या कॉलेजांशी खेळायला लागले. शर्ली मेजर्स कोच असताना 1958 आणि 1963 ला परत एकही मॅच न हरता सीझन काढले.

आता ते डिव्हिजन थ्रीमध्ये, म्हणजे कॉलेज खेळांच्या तिसऱ्या श्रेणीत आहेत, जिथे खेळासाठी स्कॉलरशिप देताच येत नाही. आणि 1899 ला हरवलेल्या त्या पाचांपैकी चार टीम, 2024 ला आलेली टेक्सास धरून, आज त्याच एसईसीत आहेत.