'सॅलोमी'च्या दोन्ही बाजूंचे काळे पट्टे : प्रत नेणाऱ्या चित्रपट मंडळांसाठी माहिती

'सॅलोमी' या मूकपटाची प्रत आमच्याकडून नेणाऱ्या मंडळांचा फोन बहुधा खेळाच्या आदल्या संध्याकाळी येतो आणि प्रश्न एकच असतो : चित्राच्या दोन्ही बाजूंना काळे पट्टे का? प्रत सदोष नाही. १९२३ च्या या अमेरिकी चित्रपटाची चौकट रुंदी-उंचीच्या ४:३ प्रमाणाची आहे आणि आपला पडदा १६:९, त्यामुळे उरलेली जागा काळीच राहणार.

घोटाळा होतो तो यापुढे. एखादा उत्साही कार्यकर्ता रिमोट घेऊन चित्र पडदाभर ताणतो आणि प्रत्येक माणूस एक तृतीयांशाने रुंद होतो. झूम केल्यास वरखाली मिळून चौथा हिस्सा कापला जातो.

इतर मूकपटांत हे एक वेळ खपेल, येथे खपत नाही. ऑस्कर वाइल्ड यांच्या ज्या मूळ 'सॅलोमी' नाटकाला, त्यात बायबलमधील पात्रे असल्याने, लंडनमध्ये १८९२ साली परवानगी नाकारली गेली, त्याच्या १८९४ च्या इंग्रजी आवृत्तीसाठी ऑब्री बिअर्डस्ली यांनी काढलेल्या काळ्या-पांढऱ्या चित्रांवरून नताशा राम्बोवा यांनी नेपथ्य आणि वेशभूषा बेतली. त्यामुळे चित्रपटाचा जीव रेषेत आहे. चाळिशी ओलांडलेल्या अल्ला नाझिमोव्हा कोवळी राजकन्या सॅलोमी म्हणून पटतात त्या याच सडपातळ रेषेमुळे. ताणलेल्या चित्रात त्यांच्या केसांवर डुलणारे पांढरे मणी अंड्यांसारखे दिसतात आणि कैदेतला कृश योकानान (बायबलमधील बाप्तिस्मा करणारा योहान) नुकताच जेवून उठल्यासारखा. ज्या देहाच्या ओढीने सॅलोमी अखेर त्याचे शिर मागते, तो देहच असा दिसू लागला की प्रेक्षक हसतात. एका खेळाला ते हसले आणि ठपका मात्र आमच्या प्रतीवर आला.

प्रमाण लॅपटॉप आणि प्रोजेक्टर या दोन्ही ठिकाणी तपासावे. बहुतेक जण एकच तपासतात. आमच्या प्रतीच्या आरंभी दहा सेकंद एक वर्तुळ दिसते. ते गोल दिसेपर्यंत खेळ सुरू करू नये.

कडा छाटलेली 'पडदाभर' प्रत आमच्याकडे मागितली जाते. ती आम्ही करून देत नाही. त्यापायी काही मागण्या हातच्या गेल्या, हेही मान्य आहे. चित्रपटात मधूनमधून येणाऱ्या मूळ इंग्रजी मजकुराच्या पाट्यांच्या मराठी अनुवादाचे पत्रक मात्र प्रत्येक प्रतीसोबत विनामूल्य मिळते, आणि यंत्रे जुळवण्यासाठी आमचा माणूस हवा असल्यास, माफक शुल्कात, तोही येतो. फक्त खेळाच्या दोन दिवस आधी कळवावे.