व्यक्तिस्वातंत्र्य

व्यक्तिस्वातंत्र्य : शिक्षण, पेशा, जोडीदार, श्रद्धा, खाणेपिणे यांबाबतचे निर्णय ज्याचे त्याने घ्यावेत आणि त्यापायी त्याचा छळ होऊ नये, हे तत्त्व. घटनेतली कलमे मुख्यतः सरकारला आवर घालतात. मराठी मुलखात मात्र या तत्त्वाची पहिली गाठ पडली ती घराशी आणि जातीशी.

रखमाबाईंचे लग्न वयाच्या ११व्या वर्षी लागले, पण त्या सासरी नांदायला गेल्या नाहीत. १८८४ मध्ये पती दादाजी भिकाजी यांनी मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. न्या. पिन्ही यांनी तो फेटाळला. अपिलानंतर १८८७ मध्ये उलटा निकाल लागला. महिन्याभरात नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. रखमाबाईंनी तुरुंग पत्करायची तयारी दाखवली. ‘नांदणे’ या गोड शब्दाची दुसरी बाजू त्या वेळी चारचौघांत आली म्हणायची. १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली; पुढे रखमाबाई इंग्लंडला जाऊन डॉक्टर झाल्या. १८८८ मध्येच समाजसुधारक आगरकरांनी ‘सुधारक’ हे पत्र सुरू केले. सुधारणेच्या विरोधकांनी तर त्यांची जिवंतपणीच प्रेतयात्रा काढली.

घटनेच्या २१व्या कलमातल्या ‘व्यक्तिगत स्वातंत्र्य’ या शब्दांचा अर्थ १९५०च्या गोपालन खटल्यात (साम्यवादी नेते ए. के. गोपालन यांच्या स्थानबद्धतेच्या) बराच आखूड लावला गेला. मनेका गांधींचा पासपोर्ट जप्त झाल्यावर, १९७८ मध्ये, तो रुंदावला : नुसता कायदा असून भागत नाही, कार्यपद्धती न्याय्य हवी. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खासगीपणाही मूलभूत हक्कांत धरला.

जातपंचायतीने वाळीत टाकणे हा महाराष्ट्रात २०१६च्या कायद्याने गुन्हा ठरला. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. पण घरचा विरोध पत्करून लग्न करणाऱ्यांची खरी परीक्षा होते ती विवाह अधिकाऱ्याच्या कचेरीत. तिथल्या लग्नाला लोक ‘कोर्ट मॅरेज’ म्हणतात, कोर्टाचा संबंध नसला तरी. १९५४च्या विशेष विवाह कायद्यानुसार दोघांचे नाव, वय, व्यवसाय आणि पत्ता लिहिलेली नोटीस ठळक जागी लावली जाते आणि हरकतींसाठी ३० दिवस वाट पाहावी लागते. हरकत घ्यायची तर वय, आधीचे लग्न अशा ठरावीक कारणांवरच. जात किंवा धर्म हे कारण चालत नाही. मुलीच्या मामाला मात्र हरकत घ्यायचीच नसते, त्याला पत्ता हवा असतो.