पीटर ब्रूक यांचं ‘महाभारत’ : वादामागची पार्श्वभूमी

ब्रिटिश नाट्यदिग्दर्शक पीटर ब्रूक यांचा विषय आपल्याकडे निघाला की गाडी त्यांच्या १९८५च्या ‘महाभारत’ नाटकावर येते आणि तिथेच अडते. त्याआधीची वीस वर्षं कुणी सांगत नाही.

शेक्सपिअर आणि ऑपेरा गाजवणाऱ्या तरुण ब्रूकबद्दल भरपूर लिहून झालं आहे. या नाटकाचं बीज पडलं १९६६ साली, लंडनमध्ये. व्हिएतनाम युद्धावरच्या नाटकाचं काम चालू असताना एका भारतीय तरुणाने भगवद्गीतेवर लिहिलेलं छोटं नाटक त्यांना आणून दिलं. ऐन रणांगणात शस्त्र खाली ठेवणारा योद्धा तेव्हापासून त्यांच्या मनात घर करून राहिला. १९७०च्या सुमारास ते पॅरिसला गेले, देशोदेशींचे नट जमवून इराण-आफ्रिकेत फिरले. पुढे पॅरिसमधल्या एका संस्कृत अभ्यासकाने त्यांना आणि त्यांच्या फ्रेंच लेखकाला महाभारत तोंडी सांगितलं. तिथून प्रयोगापर्यंत दहा वर्षं गेली.

जुलै १९८५मध्ये फ्रान्समध्ये आव्हिन्यों शहराजवळच्या दगडाच्या खाणीत हे नऊ तासांचं नाटक फ्रेंचमध्ये उभं राहिलं. द्यूत, वनवास आणि युद्ध असे तीन भाग. खाणीतल्या मातीवर आग आणि पाणी, बाकी नेपथ्य जवळपास नाहीच.

वाद पेटला तो पात्रयोजनेवरून. भीष्म पश्चिम आफ्रिकेतल्या कथेकरी घराण्यातला, इतर नट युरोप-आशियातले. प्रमुख भूमिकांत भारतीय म्हणजे फक्त द्रौपदी झालेली नर्तिका. ‘आमचं महाकाव्य पळवलं’ अशी टीका झाली. माझ्या मते पात्रयोजनेवरचा आक्षेप टिकत नाही. जावातल्या छायानाट्यांत पांडव शतकानुशतकं वावरत आले आहेत; पांडवांवर कुणा एका देशाची मालकी कधी नव्हतीच. दुसरे आक्षेप मात्र खरे आहेत. ज्या गीतेतून हे सगळं सुरू झालं, ती मोजक्या ओळींत उरकली. धर्म आणि जात यांचे ताणही पुसट झाले, आणि त्यांच्याशिवाय कर्णाचं किंवा एकलव्याचं दुःख अर्धवटच कळतं. सर्वांत बोचणारी गोष्ट म्हणजे इंग्रजी प्रयोग १९८७-८८मध्ये युरोप, अमेरिका, ऑस्ट्रेलिया, जपान असे फिरले, पण भारतात आले नाहीत. ज्या देशात हिंडून, तिथल्या कलाप्रकारांकडे बघून मंडळींनी तयारी केली, त्या देशाच्या प्रेक्षकाला ते दाखवायलाच हवं होतं.

१९८९मध्ये त्याचा चित्रपट आणि लांबलचक दूरचित्रवाणी आवृत्ती निघाली. तेव्हा आपल्याकडे घरोघर दूरदर्शनचं ‘महाभारत’ चालू होतं. तुलना त्याच्याशीच झाली आणि वाद आणखी चिघळला.

वयाच्या नव्वदीत, २०१५ साली, ब्रूक पुन्हा याच कथेकडे वळले. या वेळी चार नट, जुन्या नाटकातलाच जपानी वादक, जेमतेम सत्तर मिनिटं, आणि युद्ध जिंकूनही राज्य नको म्हणणारा युधिष्ठिर. २०१६मध्ये मुंबईकरांनी हे नाटक पाहिलं.