फिरकीचं झाकण अडतं ते का?

वर्षाचं लोणचं चिनी मातीच्या बरणीत मुरायचं, तेव्हा झाकण अडण्याचा प्रश्नच नव्हता. झाकण तोंडावर नुसतं टेकवलेलं आणि वरून स्वच्छ फडक्याचा दादरा बांधलेला. गाठ सोडली की काम झालं. थोडी हवा आत जायचीच, पण ती फोडींपर्यंत पोचू न देण्याचं काम वर तरंगणारं तेल करी.

दुसरं टोक नाशिकच्या भांडी बाजारात दिसतं. रामकुंडावर आलेला यात्रेकरू गंगा (नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतात) घरी नेतो ती तांब्याच्या छोट्या गडूतून. त्याचं तोंड डाग देऊन बंद केलेलं. तो उघडायचा एकदाच, तेही फोडून. या दोहोंच्या मधली वस्तू म्हणजे फिरकीचा तांब्या. प्रवासात पाणी सांडू नये म्हणून गळ्याला आटे आणि त्यावर फिरवून बसवायचं झाकण. उघडा, लावा, पुन्हा उघडा. सोय मोठी, पण अडचणही तिथूनच सुरू होते. आट्यांत ओल राहिली की पितळ कळकतं, हिरवट थर धरतो आणि झाकण जागचं हलत नाही. चिंचेचं पाणी आट्यांत मुरू दिलं तर तो थर सुटतो. पक्कड लावली तर झाकण निघतंही, पण तिचे दात त्यावर कायमचे उमटतात.

काचेच्या बरणीची गोष्ट फ्रान्समधून सुरू होते. अन्न टिकवण्याची युक्ती शोधल्याबद्दल निकोला आपेर याला 1810 मध्ये तिथल्या सरकारने 12,000 फ्रँक दिले. अन्न काचेच्या बाटलीत भरायचं, बूच ठोकून तारेने आवळायचं आणि बाटली उकळत्या पाण्यात ठेवायची, अशी ती युक्ती. बूच काढताना मोडलं तरी कोणाला फिकीर नव्हती, ते एकदाच वापरायचं होतं. पत्र्याच्या डब्यांचा तर त्याहून कहर. डबे आधी आले, ते उघडण्याचं धड हत्यार कित्येक दशकांनी आलं. तोवर छिन्नी-हातोडा.

मग जॉन लँडिस मेसन. न्यूयॉर्कचा हा पत्राकाम करणारा कारागीर, म्हणजे आपल्या तांबटांच्याच बिरादरीतला. 30 नोव्हेंबर 1858 रोजी त्याने काचेच्या गळ्यावर आटे पाडलेल्या बरणीचं पेटंट घेतलं. गळ्यावर काचेचे आटे ओतायची कल्पना त्याच्या आधीही होती. पण ते आटे खांद्यापर्यंत उतरायचे आणि झाकण नीट टेकायचंच नाही. मेसनने ते खांद्याच्या थोडे वर संपवले. त्यामुळे जस्ताच्या झाकणाची कड खांद्यावरच्या रबरी कड्यावर सपाट दाबून बसू लागली. दिसायला किरकोळ, पण सगळी करामत तिथेच आहे. पुढे 1869 मध्ये जस्ताचा अन्नाशी संबंध येऊ नये म्हणून झाकणाच्या आत काचेची चकती आली. झाकणं मात्र अडू लागली. लोक कडेखाली सुरी घालून मऊ जस्त वाकवत, आणि एकदा वाकलेली कड पुन्हा हवाबंद बसत नाही. अशी झाकणं धरायचे खास पाने अमेरिकेत निघाले ते यातूनच.

आज दुकानातली सॉस किंवा जॅमची बरणी वेगळ्याच कारणाने अडते. आतला माल गरम भरतात, झाकण लावतात, माल थंड होताना आत पोकळी तयार होते. 63 मिलिमीटरच्या झाकणाचं क्षेत्रफळ साधारण 31 चौरस सेंटीमीटर. आतला दाब निम्म्यावर आला असला तरी बाहेरची हवा त्यावर सुमारे 15 किलो वजनाएवढी दाबून बसते. इथे मनगटाचा जोर वाया जातो. चमच्याच्या दांड्याने कड किंचित उचलली, टक् असा आवाज आला, की पुढचं काम दोन बोटांचं. किंचितच, कारण पत्रा वाकवला की आपण पुन्हा मेसनच्या काळात.

गरम पाण्याचा उपाय सगळेच सांगतात, आणि धातू प्रसरण पावतो असं कारणही देतात. हिशेब करून बघा. 50 अंशांनी तापलं तरी हे झाकण मिलिमीटरच्या 3-4 शतांशांनीच फुगतं. काचही सोबत तापली तर फरक उरतो जेमतेम एका शतांशाचा. माझ्या मते खरं काम दुसरीकडे होतं. आतली हवा तापून पोकळी सैल पडते, झाकणाच्या आतला रबरासारखा थर मऊ होतो, आणि आट्यांत वाळलेला पाक विरघळतो. म्हणून काकवीच्या किंवा मधाच्या बाटलीला हा उपाय हमखास लागू पडतो. निफाडकडे थंडीत पारा पाच अंशांच्या खाली उतरतो, तेव्हा तुपाची बरणीसुद्धा अशीच धरून बसते. तिथे कोमट पाणी पुरतं. प्लॅस्टिकच्या झाकणाचं मात्र प्रसरणाचं गणित खरंच जमतं. ते काचेपेक्षा दहापट किंवा त्याहून जास्त फुगतं. फ्रिजमधून काढलेल्या बरणीवर उकळतं पाणी ओतायचं नाही, एवढं पथ्य. काच तडकते.

गंजलेल्या पत्र्याला कडेने गोडेतेलाचे थेंब, रात्रभर दम आणि सकाळी लाटण्याने गोल गोल हलके ठोके. हातोडी नको.

नाशिकमध्ये या कहाणीला आणखी एक भर पडली, वाइनची. 1990च्या दशकाच्या अखेरीपासून इथे द्राक्षाचा धंदा बाटलीत शिरला. जगभर वाइनला बूच लावायची जुनी रीत, पण 2000च्या सुमारास ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडच्या उत्पादकांनी ॲल्युमिनियमचं फिरकीचं झाकण उचलून धरलं, आणि आता इथल्या बाटल्यांवरही ते दिसतं. त्याची खोड निराळी. झाकण आणि बाटलीच्या गळ्याभोवतीची खालची बाही एकाच पत्र्याच्या बारीक पुलांनी जोडलेली असतात. ते पूल तुटले नाहीत की सगळंच गरगर फिरतं, उघडत काहीच नाही. अशा वेळी झाकण नव्हे, खालची बाही एका हातात घट्ट धरायची आणि दुसऱ्या हाताने बाटली बुडाकडून फिरवायची. तरीही नाही तुटले, तर सुरीच्या टोकाने एकेक पूल कापायचा. झाकण शाबूत राहतं आणि उरलेली वाइन पुन्हा बंद करून ठेवता येते.